पहिल्या मिनिटाची राखणदार : डॉ. व्हर्जिनिया अ‍ॅपगार

प्रसूतिगृहाच्या दाराबाहेर ताटकळणाऱ्या नातलगांचे कान बाळाच्या पहिल्या रडण्याकडे लागलेले असतात. बाळ जन्मताच रडले की नाही, याची नोंद आपल्याकडील अनेक प्रसूतिगृहांच्या कागदपत्रांत केली जाते. त्याच कागदावर पुष्कळदा ‘अ‍ॅपगार’ हा शब्द व त्यापुढे एक-दोन आकडे आढळतात. हे एका स्त्रीचे आडनाव आहे, हे फार थोड्यांना ठाऊक असेल. तिच्या जीवनकार्याचा अल्प परिचय आम्ही येथे करून देत आहोत.

व्हर्जिनिया अ‍ॅपगार यांचा जन्म ७ जून १९०९ रोजी अमेरिकेतील न्यू जर्सी राज्यात, वेस्टफील्ड या गावी झाला. वडिलांना आकाशनिरीक्षणाचा व बिनतारी यंत्रे जुळविण्याचा छंद होता. घरात संगीत होते, तसेच आजारपणही होते. एक भाऊ क्षयाने बालपणीच दगावला, तर दुसरा सतत आजारी असे. माउंट होल्योक महाविद्यालयातून प्राणिशास्त्राची पदवी घेऊन १९२९ साली त्यांनी न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात वैद्यकाच्या अभ्यासास प्रारंभ केला. त्याच वर्षी अमेरिकेवर महामंदी कोसळली. १९३३ साली त्या वर्गात चौथ्या क्रमांकाने उत्तीर्ण झाल्या, परंतु डोक्यावर कर्जाचा मोठा भार होता.

त्यांना शल्यविशारद व्हावयाचे होते व हातात कसबही होते. मात्र त्यांचे ज्येष्ठ शल्यचिकित्सक डॉ. अ‍ॅलन व्हिपल यांनी, त्या काळी स्त्रीला शल्यक्रियेत उपजीविका मिळणे कठीण जाईल हे जाणून, त्यांना भूलशास्त्राकडे वळविले. तोवर भूल देण्याचे काम प्रामुख्याने परिचारिका करीत आणि डॉक्टरांच्या जगात त्यास फारशी प्रतिष्ठा नव्हती. डॉ. अ‍ॅपगार यांनी हे दुय्यम मानलेले क्षेत्र स्वीकारले. १९३८ साली कोलंबियाच्या रुग्णालयातील भूल विभागाची धुरा त्यांच्याकडे आली. अकरा वर्षांनी या विभागास स्वतंत्र खात्याचा दर्जा मिळाला, तेव्हा प्रमुखपद मात्र एका पुरुष सहकाऱ्याकडे गेले. त्याच सुमारास त्या त्या वैद्यक महाविद्यालयातील पहिल्या स्त्री पूर्ण प्राध्यापक झाल्या व त्यांनी प्रसूतीच्या वेळच्या भुलीकडे सारे लक्ष वळविले.

येथेच त्यांच्या जीवनातील मोठे कार्य घडले. प्रसूती लांबली, नाळ दाबली गेली किंवा वार अवेळी सुटली, तर बाळाला मिळणारा प्राणवायू कमी पडतो. मेंदूच्या पेशी हा तुटवडा फार वेळ सोसू शकत नाहीत. अशी काही बालके दगावतात, तर वाचलेल्यांपैकी काहींना झटके, स्नायूंचा ताठरपणा वा मतिमंदत्व आयुष्यभर सोबत करते. त्या काळी बाळ जन्मले की सर्वांचे लक्ष मातेकडे जाई. निळसर, निपचित बालकाकडे नीट पाहण्याची ठरलेली रीत नव्हती व श्वास न घेणारे बालक पुष्कळदा मृतच समजले जाई.

नवजात बालकाची अवस्था पारखावी कशी, असे एका विद्यार्थ्याने विचारले असता डॉ. अ‍ॅपगार यांनी हाती आलेल्या कागदावर तत्काळ पाच मुद्दे लिहून दिले, असे सांगतात. हृदयाचे ठोके, श्वासोच्छ्वास, स्नायूंतील जोर, डिवचल्यावर मिळणारा प्रतिसाद आणि त्वचेचा रंग, हे ते पाच मुद्दे. प्रत्येकास शून्य, एक किंवा दोन गुण, एकूण दहा. जन्मानंतर एका मिनिटाने, व पुढे पाचव्या मिनिटालाही, हे गुण मोजण्याची पद्धत रूढ झाली. १९५२ साली त्यांनी ही पद्धत मांडली व १९५३ साली ती प्रसिद्ध झाली. तिला ना यंत्र लागते, ना पैसा. लागतात ते डोळे, कान, हात व घड्याळ. पुढे सहकाऱ्यांसह केलेल्या रक्ततपासण्यांतून, कमी गुणांच्या बालकांच्या रक्तात प्राणवायू कमी व आम्लता अधिक असते, हे त्यांनी दाखवून दिले. अशा बालकाला तातडीने श्वास देण्याची निकड त्यामुळे सर्वांना पटली.

येथे एक गोष्ट आम्ही आवर्जून सांगू इच्छितो. हे गुण म्हणजे बालकाच्या भवितव्याचा निकाल नव्हे. गुण कमी म्हणून मेंदूला इजा झालीच असे ठरत नाही. अपुऱ्या दिवसांचे बाळ किंवा मातेला दिलेली औषधेही त्यास कारण असू शकतात. सावळ्या त्वचेवर रंगाची पारख फसू शकते. शिवाय बाळ श्वास घेत नसेल तर गुण मोजण्यासाठी थांबावयाचे नसते. पुढे मेंदूच्या संरक्षणासाठी बाळाचे शरीर ७२ तास थंड ठेवण्याचा उपचार आला. परंतु भारत, श्रीलंका व बांगलादेश येथील रुग्णालयांत झालेल्या व २०२१ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात त्याचा लाभ दिसला नाही. उलट मृत्यू अधिक झाले. त्यामुळे सुरक्षित प्रसूती व पहिल्या मिनिटातील दक्षता यांचे मोल आपल्याकडे अधिकच आहे.

पन्नाशीच्या उंबरठ्यावर डॉ. अ‍ॅपगार पुन्हा विद्यार्थिनी झाल्या. १९५९ साली जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठाची सार्वजनिक आरोग्याची पदवी घेऊन त्या ‘मार्च ऑफ डाइम्स’ या संस्थेत गेल्या व जन्मजात व्यंगांच्या प्रतिबंधासाठी गावोगाव व्याख्याने देत फिरल्या. ज्या व्यंगांबद्दल कुटुंबे लाजेने मौन पाळीत, त्यांविषयी त्या मोकळेपणाने बोलत. त्या व्हायोलिन व चेलो वाजवीत, इतकेच नव्हे तर स्वहस्ते वाद्येही घडवीत. रस्त्यात कोणाचा श्वास अडला तर उपयोगी पडावीत म्हणून आवश्यक उपकरणे त्या सदैव जवळ बाळगीत. ७ ऑगस्ट १९७४ रोजी, ज्या रुग्णालयात आयुष्य वेचले तेथेच, त्यांची प्राणज्योत मालवली. त्या अविवाहित होत्या. १९९४ साली अमेरिकेच्या टपाल खात्याने त्यांच्या सन्मानार्थ तिकीट काढले.

आपल्या धर्मग्रामांतही जन्मवेळी इजा झालेली बालके आहेत व त्यांना वाढविणारे मातापिता आहेत. त्या मातेस दोष देणारी कुजबुज अजूनही कानी पडते. डॉ. अ‍ॅपगार यांनी बालकास गुण दिले ते कोणास कमी लेखण्यासाठी नव्हे, तर ज्याला सर्वाधिक मदतीची गरज आहे त्याच्याकडे सर्वांत आधी धाव घ्यावी म्हणून. तीच दृष्टी आपण या कुटुंबांच्या बाबतीत ठेवू या.