तेलाचा धनादेश कोणाचा? शेख अब्दुल्ला अल-सालेम आणि कुवेतचे कल्याणकारी राज्य

दरवर्षी २५ फेब्रुवारीला कुवेतचे रस्ते झेंड्यांनी आणि रोषणाईने भरून जातात. ब्रिटिशांच्या संरक्षणाखालून हा देश मुक्त झाला तो १९ जून १९६१ रोजी. तरीही राष्ट्रीय दिन फेब्रुवारीत साजरा होतो, कारण १९५० साली याच तारखेला शेख अब्दुल्ला अल-सालेम अल-सबाह यांनी राज्याची सूत्रे हाती घेतली. एखाद्या राष्ट्राने स्वातंत्र्याच्या तारखेऐवजी राज्यारोहणाची तारीख जपावी, यावरूनच या राज्यकर्त्याचे तेथील स्थान लक्षात येते. मोफत शिक्षण, मोफत औषधोपचार, सरकारच्या मदतीने घर आणि सरकारी नोकरी ही कुवेती नागरिकाच्या आयुष्याची चौकट त्यांच्या पंधरा वर्षांच्या कारकिर्दीत उभी राहिली. ही व्यवस्था तेलाच्या भरवशावर किती काळ चालणार आणि तिचे लाभ कोणापर्यंत पोहोचावेत, या आज चर्चिल्या जाणाऱ्या प्रश्नांची मुळेही त्याच पंधरा वर्षांत सापडतात.

मोती आणि उचल

अब्दुल्ला यांचा जन्म १८९५ चा. त्यांचे आजोबा शेख मुबारक यांनी १८९९ मध्ये ब्रिटिशांशी करार करून त्यांचे संरक्षण मिळवले होते, तर वडील शेख सालेम १९१७ मध्ये राज्यकर्ते झाले. तेव्हाचे कुवेत म्हणजे मातीच्या घरांचे, समुद्राकडे तोंड करून बसलेले बंदर होते. पिण्याचे पाणीदेखील शत्त-अल-अरब नदीतून गलबतांनी आणावे लागे. उन्हाळ्यात माणसे मोती काढण्यासाठी समुद्रावर जात. हिवाळ्यात बसऱ्याचा खजूर घेऊन गलबते कराची, मुंबई आणि मलबारपर्यंत येत आणि परतताना सागवान, तांदूळ व मसाले नेत. मोत्यांची मोठी बाजारपेठ मुंबईत होती आणि कुवेतच्या पेढ्यांवर चलन चाले ते हिंदुस्थानचा रुपया.

कोकणात ज्याला नाखवा म्हणतात, तोच तिकडचा नखुदा. मोत्यांसाठी बुडी मारणारे कामगार हंगामापूर्वी नखुदाकडून उचल घेत. मोती कमी मिळाले की उचल फिटत नसे आणि पुढचा हंगाम जुन्या कर्जापोटीच जाई. बुडी मारणारा मेला, तर हे कर्ज अनेकदा त्याच्या मुलाच्या किंवा भावाच्या माथी येई. महाराष्ट्रातील ऊसतोड कामगारांची उचल ज्यांनी पाहिली आहे, त्यांना या व्यवस्थेचे वेगळे वर्णन करण्याची गरज नाही. पुढे जपानचे कृत्रिम मोती आणि १९२९ नंतरची जागतिक मंदी यांनी हा व्यवसायच मोडून काढला. नखुदा बुडाले आणि त्यांच्यामागे बुडी मारणारेही बुडाले. राज्याकडे त्यांना देण्यासारखे फारसे काही नव्हते.

त्याआधी १९२० मध्ये इखवान टोळ्यांच्या हल्ल्याच्या धास्तीने शहराभोवती भिंत बांधण्यात आली. रहिवाशांनी स्वतः राबून ती उभी केली. त्याच वर्षी जहरा येथे लढाई झाली. हे साल लक्षात ठेवण्याजोगे आहे, कारण जवळपास चाळीस वर्षांनी ते एका कायद्यात पुन्हा अवतरणार होते.

सभागृहाचा अध्यक्ष

१९२१ मध्ये शेख सालेम वारले. उत्तराधिकारासाठी अब्दुल्ला यांचेही नाव होते, पण निवड झाली त्यांचे चुलतभाऊ अहमद अल-जाबेर यांची. अब्दुल्ला यांना २९ वर्षे थांबावे लागले. या काळातील सर्वांत महत्त्वाचा प्रसंग १९३८ चा. त्याच वर्षी फेब्रुवारीत बुरगान येथे तेल सापडले होते. प्रमुख व्यापारी घराण्यांनी दबाव आणून १४ सदस्यांचे विधिमंडळ निवडले आणि अध्यक्षपद राजघराण्यातील अब्दुल्ला यांनी स्वीकारले.

काही महिन्यांच्याच आयुष्यात या मंडळाने जाचक कर आणि मक्तेदाऱ्या कमी केल्या, शिक्षणाकडे लक्ष दिले आणि राज्याच्या जमाखर्चावर हक्क सांगितला. शेवटी गाठ पडली ती तेल कंपनीच्या धनादेशावर. १९३४ च्या करारानुसार तेल कंपनीचे पैसे राज्यकर्त्याच्या हाती पडत असत. ते मंडळाकडे सोपवावेत, अशी मागणी झाली आणि डिसेंबरमध्ये मंडळ बरखास्त झाले. तेलाचा पैसा राज्यकर्त्याचा की लोकांचा, हा प्रश्न कुवेतमध्ये असा तेलाची निर्यात सुरू होण्याच्या आठ वर्षे आधीच उभा राहिला. प्रश्न विचारणाऱ्यांच्या बाजूला तेव्हा अब्दुल्ला बसले होते. बारा वर्षांनी ते राज्यकर्ते झाले आणि तो धनादेश त्यांच्याच हाती आला.

पैसा वाटण्याच्या वाटा

१९४६ मध्ये तेलाची निर्यात सुरू झाली. १९५१ मध्ये इराणने आपल्या तेलाचे राष्ट्रीयीकरण केले, तेव्हा तिकडची तूट भरून काढण्यासाठी कुवेतचे उत्पादन झपाट्याने वाढवण्यात आले. त्याच वर्षअखेरीस अब्दुल्ला यांनी कंपनीशी नफ्याच्या निम्म्या वाट्याचा करार केला. राज्याचे उत्पन्न पाहता पाहता अनेक पटींनी वाढले.

या पैशातून शाळा आणि दवाखाने उभे राहिले. पॅलेस्टाईन आणि इजिप्तमधून शिक्षक आले, भारतासह अनेक देशांतून डॉक्टर आणि परिचारिका आल्या. १९५३ मध्ये समुद्राचे पाणी गोडे करणारा मोठा प्रकल्प सुरू झाला आणि नदीवरून पाणी आणणाऱ्या गलबतांची गरज संपत गेली. अल्प उत्पन्न गटांसाठी सरकार घरे बांधू लागले आणि १९६० मध्ये कर्ज देणारी सरकारी बँक स्थापन झाली. सुरुवातीच्या त्या दशकांत सरकारी दवाखान्यांचे दार परदेशी रहिवाशांनाही विनामूल्य उघडे होते, हे आज अनेकांच्या स्मरणात नसते.

मात्र सर्वांत जास्त पैसा वाटला गेला तो जमिनीच्या मार्गाने. जुन्या शहराचा नवा आराखडा झाला. सरकारने भिंतीच्या आतील जागा बाजारभावाहून चढ्या दराने विकत घेतल्या आणि बाहेरच्या नव्या वसाहतींतील भूखंड स्वस्तात दिले. १९५७ मध्ये भिंतही पाडण्यात आली, फक्त तिच्या वेशी राखल्या गेल्या. साधी घरे असलेल्या कुटुंबांच्या हाती यातून पैसा आला, पण ज्यांच्याकडे मुळात जमीन अधिक होती किंवा नवे रस्ते कोठून जाणार हे ज्यांना आधी कळत होते, त्यांच्या हाती तो कितीतरी जास्त आला. साठच्या दशकाच्या आरंभी आलेल्या जागतिक बँकेच्या पथकाने या खरेदीवर आणि कामापेक्षा माणसे जास्त झालेल्या सरकारी कचेऱ्यांवर टीका केली. राजकीय हिशेबाने मात्र ही खरेदी यशस्वी ठरली. १९३८ मध्ये जमाखर्च मागणारी व्यापारी घराणी आता कंत्राटे, एजन्सी आणि जमिनीच्या व्यवहारांत गुंतली होती.

येथे महाराष्ट्राची आठवण होणे स्वाभाविक आहे. दुष्काळात जन्मलेल्या रोजगार हमी योजनेसाठी महाराष्ट्राने १९७५ च्या कायद्याने व्यवसाय कर बसवला. मुंबई-पुण्याच्या पगारदाराच्या खिशातून दरमहा थोडी रक्कम गेली आणि तिच्यातून मराठवाड्यातील मजुराला काम मिळाले. देणारा आणि घेणारा यांच्यात त्यामुळे एक हिशेबाचे नाते तयार झाले. अब्दुल्ला यांच्या कुवेतला अशा कराची गरजच पडली नाही. देणारा एकटा राज्यकर्ता होता आणि सर्व नागरिक घेणारे. आज तेथे एखादे अनुदान कमी करण्याची किंवा कर आणण्याची भाषा निघाली की लोक बिथरतात, त्याचे एक कारण या आरंभात आहे.

उद्यासाठी राखलेले

अब्दुल्ला यांना तेलाच्या मर्यादेची जाणीव नव्हती, असे म्हणता येणार नाही. १९५३ च्या फेब्रुवारीत, देश अजून स्वतंत्रही झालेला नसताना, अतिरिक्त उत्पन्न गुंतवण्यासाठी लंडनमध्ये कुवेत गुंतवणूक मंडळ स्थापन झाले. आज सार्वभौम संपत्ती निधी म्हणून ओळखल्या जाणाऱ्या संस्थांची ही सुरुवात मानली जाते. १९६१ च्या अखेरीस अरब देशांना विकासकर्ज देणारा कुवेत फंडही सुरू झाला.

त्याच वर्षी एप्रिलमध्ये कुवेती दिनार आला आणि रुपयाचे राज्य संपले. त्याआधी दोन वर्षे रिझर्व्ह बँकेने आखातासाठी वेगळा रुपया छापला होता. म्हणजे कुवेतच्या कल्याणकारी राज्याच्या पहिल्या दशकातील व्यवहार भारतीय चलनातच झाले. मुंबईत मरीन ड्राइव्हवर आजही उभी असलेली अल-सबाह कोर्ट ही इमारत त्या जुन्या संबंधांची खूण आहे.

घटना आणि तिची सीमा

स्वातंत्र्यानंतर आठवडाभरातच इराकने कुवेतवर हक्क सांगितला. ब्रिटिश सैन्य परत बोलवावे लागले आणि नंतर अरब लीगच्या फौजा आल्या. हे राज्य केवळ एका घराण्याचे नसून तेथील लोकांचे आहे, हे जगाला दाखवणे आता गरजेचे होते. अब्दुल्ला यांनी घटना समिती निवडून आणली आणि ११ नोव्हेंबर १९६२ रोजी घटनेवर सही केली. वृद्धत्व, आजार आणि काम करण्याची असमर्थता यांत नागरिकांना साहाय्य देण्याची जबाबदारी तिने राज्यावर टाकली. शिक्षण आणि काम हे कुवेती माणसाचे हक्क ठरवले. नैसर्गिक संपत्ती राज्याच्या मालकीची केली. १९६३ च्या जानेवारीत ५० सदस्यांची राष्ट्रीय सभा निवडली गेली, पण मतदानाचा हक्क पुरुषांपुरता होता. स्त्रियांना तो २००५ मध्ये मिळाला. तरीही १९३८ चा अपुरा राहिलेला धागा अब्दुल्ला यांनी स्वतःच्या हाताने पूर्ण केला, म्हणून त्यांना घटनेचे जनक म्हणतात.

या घटनेत नागरिक कोण, हे तीन वर्षांपूर्वीच ठरले होते. १९५९ च्या नागरिकत्व कायद्याने १९२० पूर्वी कुवेतमध्ये स्थायिक झालेल्यांना आणि त्यांच्या वंशजांना मूळ नागरिक मानले. भिंतीचे साल कायद्यात शिरले ते असे. दगडमातीची भिंत पडून दोनच वर्षे झाली होती. ज्यांची वेळेत नोंद झाली नाही, त्यांचे वंशज आज बिदून म्हणून, म्हणजे कोणत्याच देशाचे नागरिकत्व नसलेले, जगत आहेत. त्याच वर्षी परदेशी रहिवाशांचा कायदाही झाला. पुढे विस्तारलेली प्रायोजक पद्धत, म्हणजे कफाला, त्याच्याच आधाराने चालली.

या विभागणीमागे एक भीती होती. १९५७ च्या जनगणनेत कुवेतची लोकसंख्या सुमारे २ लाख ६ हजार होती. १९६५ मध्ये ती सुमारे ४ लाख ६७ हजारांवर गेली आणि कुवेती नागरिक स्वतःच्या देशात निम्म्याहून कमी झाले. कल्याणकारी राज्य उभारायला बाहेरची माणसे हवी होती, पण त्यांना त्यात वाटेकरी केले, तर प्रत्येकाचा वाटा लहान होणार होता. अब्दुल्ला यांच्या राजवटीने या पेचावर काढलेला मार्ग आजवर कायम आहे. परदेशी माणसाला करमुक्त पगार द्यावा आणि वृद्धत्वाची जबाबदारी त्याच्या मायदेशावर सोडावी, असा तो मार्ग. १९६४ च्या खासगी क्षेत्रातील कामगार कायद्याने त्याच्यासाठी नोकरी संपताना द्यावयाची एकरकमी भरपाई निश्चित केली. तिच्या आजच्या रूपावर कुवेतमधील हजारो मराठी अभियंते, लेखापाल आणि परिचारिका आपल्या परतीचा हिशेब मांडतात. १९७६ पासूनची निवृत्तिवेतनाची व्यवस्था त्यांच्यासाठी नाही.

वारसा

२४ नोव्हेंबर १९६५ रोजी शेख अब्दुल्ला यांचे निधन झाले आणि त्यांचे बंधू सबाह अल-सालेम गादीवर आले. अब्दुल्ला यांचे नाव आज एका वसाहतीला, एका विद्यापीठाला आणि सालमियातील भव्य संग्रहालय-संकुलाला आहे. त्यांनी उभारलेली व्यवस्था मात्र चारही बाजूंनी ताणली गेली आहे. सरकारच्या उत्पन्नाचा सुमारे नऊ-दशांश भाग अजून तेलातूनच येतो आणि खर्चाचा बहुतांश पगार व अनुदानांत जातो. १९७६ मध्ये भावी पिढ्यांसाठी निधी उभारणाऱ्या या देशाने २०२५ मध्ये कर्ज काढण्याचा नवा कायदा केला. मे २०२४ मध्ये राष्ट्रीय सभा बरखास्त झाली आणि घटनेची काही कलमे चार वर्षांपर्यंत स्थगित झाली. त्याच वर्षापासून हजारो लोकांचे नागरिकत्व काढून घेण्यात आले आहे. नागरिकत्वासोबत घर, नोकरी, पेन्शन असे सारेच धोक्यात येत असल्याने हा निर्णय घराघरात जाणवतो.

राज्याने माणसाला आजारात आणि म्हातारपणी एकटे सोडू नये, हे बुडी मारणाऱ्यांच्या त्या गावात कोणाच्या स्वप्नातही नव्हते. अब्दुल्ला यांनी ते एका पिढीत खरे केले, हे त्यांचे श्रेय कोणी नाकारत नाही. पण धनादेश कोणाचा, हा १९३८ चा प्रश्न त्यांच्या घटनेनेही मिटवला नाही. घटनेने त्याचे उत्तर नागरिकांपुरते दिले, आणि नागरिक कोण हे ठरवण्याचा अधिकार राज्याकडेच ठेवला. कुवेतमध्ये कल्याणकारी राज्याची चर्चा आजही या दोन वाक्यांच्या मधल्या जागेत चालते.