समुद्राच्या पोटातील खिडकी

धाराशिव जिल्ह्यातील नळदुर्गच्या किल्ल्यात बोरी नदीवर एक जुना बांध आहे. दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या कारकिर्दीत, १६१३ साली, त्या बांधाच्या पोटात पाणीमहाल बांधण्यात आला. पावसाळ्यात नदी वरून कोसळत असते आणि आतील मनुष्य कोरडा राहून खिडकीतून ती जलधारा पाहतो. पाण्यात राहून कोरडेपणाने पाणी न्याहाळण्याची हीच हौस तीनशे वर्षांनी एका माणसाने थेट समुद्रात नेली. त्याचे नाव जॉन अर्नेस्ट विल्यमसन.

विल्यमसनचा जन्म १८८१ साली लिव्हरपूल येथे झाला. त्याचे वडील जहाजाचे कप्तान होते. समुद्रात खोलवर काम करता यावे म्हणून त्यांनी लोखंडी कड्यांची, माणूस उतरू शकेल एवढी रुंद व लवचीक नळी बनविली होती. तिचे वरचे तोंड उघडे असल्याने आत मोकळी हवा खेळे. अमेरिकेत वृत्तपत्रात काम करणाऱ्या मुलाने तिच्या खालच्या टोकास जाड काचेच्या खिडकीची पोलादी खोली जोडली. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईत झळकला त्याच १९१३ साली त्याने पाण्याखालची छायाचित्रे घेतली.

पुढील वर्षी तो बहामा बेटांजवळच्या नितळ समुद्रात चलच्चित्रे घेऊ लागला. मनुष्य आणि शार्क यांची झुंज दाखवीन, असा शब्द त्याने भांडवल पुरविणाऱ्यांना दिला होता. शार्क म्हणजे आपल्या कोकणच्या कोळ्यांच्या मुशीचे थोरले भावंड. मेलेल्या घोड्याचे आमिष टाकताच शार्क जमले. सुरी घेऊन पाण्यात उतरणारे तेथील पाणबुडे त्याने मजुरीवर आणले होते. परंतु झुंज कॅमेऱ्याच्या टप्प्याबाहेर झाली आणि चित्र हाती लागले नाही. तेव्हा दुसऱ्याचा जीव पुन्हा पणास न लावता विल्यमसनने स्वतःच सुरी घेतली, श्वास रोखला आणि खिडकीसमोर बुडी मारली. शार्क जवळ येताच त्याचा पर धरून त्याने पोटात वार केला. आतील माणूस कॅमेरा फिरवीतच होता. शार्कने मात्र कोणाचे काहीच बिघडविले नव्हते. त्याला तेथे बोलावून आणले होते, हेही सांगितले पाहिजे.

१९१६ साली ज्यूल व्हर्नच्या कादंबरीवरील चित्रपटासाठी त्याने कृत्रिम अष्टपाद बनविला. पुढे मात्र त्याची खिडकी अभ्यासाच्या कामी आली. १९२९ साली शिकागोच्या फील्ड संग्रहालयासाठी त्याने त्याच समुद्रातून प्रवाळ व मासे जमविले. १९६६ साली तो वारला. बहामाच्या सरकारने २०११ साली आपल्या समुद्रात शार्कच्या व्यापारी शिकारीस बंदी घातली.