कैद्यांचे कैवारी जॉन हॉवर्ड

सरकारी अधिकार पुष्कळांस मिळतो; परंतु त्या अधिकाराखाली जे दुःख भोगीत असतात त्यांच्या दाराशी स्वतः जाणारे थोडेच. इंग्लंडातील जॉन हॉवर्डसाहेब हे अशा थोड्यांपैकी एक होते.

तरुणपणी ते लिस्बन शहराकडे जात असता शत्रुपक्षाच्या फ्रेंच गलबताने त्यांचे जहाज पकडले आणि त्यांस ब्रेस्त येथे बंदीत टाकले. तेथील भूक, तहान व पेंढ्याचे अंथरूण ते पुढे कधी विसरले नाहीत.

1773 साली ते बेडफोर्ड परगण्याचे शेरीफ झाले. तुरुंगावर देखरेख ठेवणे हे शेरीफाचे काम; परंतु बहुतेक शेरीफ ते हाताखालच्या माणसांवर सोपवून स्वस्थ बसत. हॉवर्डसाहेब स्वतः तुरुंगात गेले. पाहतात तो न्यायालयाने निर्दोष ठरविलेली माणसेही कोंडलेलीच! जेलरास पगार नसे. कैद्यांच्या फीवर त्याचे पोट चाले, आणि ती चुकती झाल्यावाचून तो कोणास सोडीत नसे. जेलरास पगार द्यावा, अशी त्यांनी न्यायाधीशांस विनंती केली. त्यांनी अशा वहिवाटीचा दाखला मागितला. तो शोधावयास हॉवर्डसाहेब घोड्यावरून शेजारच्या परगण्यांत गेले. दाखला मिळाला नाही. जेथे तेथे तोच अन्याय मात्र आढळला.

1774 साली त्यांनी पार्लमेंटापुढे साक्ष दिली. त्याच वर्षी दोन कायदे होऊन निर्दोष्यांकडून फी घेणे बंद झाले, व कोठड्या स्वच्छ राखण्याचा आणि आजारी कैद्यांची काळजी घेण्याचा हुकूम झाला. हॉवर्डसाहेबांनी ते कायदे स्वखर्चाने छापून जेलरांकडे पाठविले, आणि ते पाळले जातात की नाही हे पाहण्यास पुन्हा तुरुंगोतुरुंगी फिरले. तेथील दुर्गंधी त्यांच्या कपड्यांस इतकी लागे की बंद गाडीत बसणे असह्य होई. म्हणून ते घोड्यावरूनच प्रवास करीत. 1777 साली त्यांनी आपली पाहणी पुस्तकरूपाने प्रसिद्ध केली.

त्या काळी तुरुंगात एक प्राणघातक ताप पसरे. तो उवांमुळे पसरतो हे कोणास ठाऊक नव्हते. तरी त्या कोठड्यांत जाणे जिवावरचे आहे, हे सर्व जाणत. हॉवर्डसाहेबही जाणत होते. शेवटी त्या वेळच्या रशियाच्या राज्यातील व आज युक्रेन देशात असलेल्या खेरसोन शहरी, तापाच्या रोग्यांस पाहावयास जात असता त्यांस ताप आला, व 20 जानेवारी 1790 रोजी त्यांनी देह ठेविला. आपल्या कबरेवर स्मारक नको, केवळ सूर्यघटिका असावी, अशी त्यांची इच्छा होती.

बंधुभगिनींनो, बंदिवानाचा समाचार घेणे म्हणजे आपलाच समाचार घेणे होय, असे प्रभूने शिकविले आहे. आपल्या मंडळीतील कोणी शिपाई असेल, कोणी पंच, कोणी कारकून. आपल्या नावाने जे दार बंद होते त्याच्या आत काय चालले आहे, हे त्याने एकदा स्वतः जाऊन पाहावे. हॉवर्डसाहेबांच्या सेवेचा आरंभ तेथूनच झाला.