पंडित म्हाइंभट आणि जीवस्वरूप

जीवाचे खरे स्वरूप जीवालाच का कळत नाही, हा प्रश्न अनेक भारतीय दर्शनांनी हाताळला आहे. अद्वैतवाद्यांनी आत्मा हाच ब्रह्म मानला. आपल्या पंथात जीव, देवता, प्रपंच व परमेश्वर हे चार पदार्थ अनादी व परस्परभिन्न आहेत. जीव बद्धमुक्त आहे. आज तो अविद्येने बद्ध आहे, पण मोक्षाला पात्र आहे. मात्र अविद्येचे हे आवरण केवळ शास्त्राभ्यासाने दूर होत नाही. लीळाचरित्रकार म्हाइंभटांचे जीवन याची साक्ष देते.

तेराव्या शतकातील सराळे गावचे हे ब्राह्मण शास्त्रांत पारंगत होते, संपन्नही होते. वादात इतरांना जिंकण्याचा त्यांना अभिमान होता. त्याच अभिमानाने ते गोदावरीतीरी डोमेग्रामी सर्वज्ञ श्रीचक्रधर स्वामींशी वाद करण्यास गेले. तेथे त्यांची विद्या अपुरी पडली. जीव आणि मोक्ष यांविषयी पुष्कळ वाचलेल्या या पंडिताला उमगले की, विषय माहीत असणे वेगळे आणि आवरण दूर होणे वेगळे.

स्वामींच्या उत्तरापंथे गमनानंतर ते नागदेवाचार्यांच्या सहवासात आणि ऋद्धपुरी श्रीगोविंदप्रभूंच्या सेवेत राहिले. नागदेवाचार्य एकांतात स्वामींच्या लीळांचे मनन करीत. हे स्मरण पुढील पिढ्यांसाठी लिहून ठेवावे, असे म्हाइंभटांच्या मनाने घेतले आणि आचार्यांनी त्यास अनुमोदन दिले. मग हा वादविजेता पंडित भक्तांच्या दारी जाऊन विचारू लागला. कोणी काय पाहिले, कोणी काय ऐकले, हे त्याने मराठीत टिपले. आठवणींत फरक आढळला, तर तोही ज्याच्या त्याच्या नावाने नोंदविला. आपल्या बुद्धीने तो मिटविला नाही. पुढे केशिराजबासांनी सूत्रपाठ सिद्ध केला, तो याच ग्रंथातील स्वामींची वचने वेगळी काढून.

विशेष हे की, आपल्या वादाचा व पराभवाचा प्रसंगही त्यांनी ग्रंथात राखला. ज्ञानाचा अभिमान हे अविद्येचेच सूक्ष्म रूप आहे, हे त्यांनी त्या पराभवात ओळखले होते. म्हणून तो त्यांना लपवावासा वाटला नाही.

वासनिकांनो, भिक्षुकांनो, आपल्या खानदेशातही लीळांचे वाचन घडते. हा प्रसंग वाचताना सराळ्याच्या पंडिताकडे पाहून हसू नये. चार पदार्थांची व्याख्या आपणासही मुखोद्गत आहे. तिने आपला अभिमान किती उतरला, हे प्रत्येकाने स्वतःस विचारावे.

दंडवत प्रणाम.

देवपूर, धुळे