रामू कार्याट : केरळच्या मातीचा चित्रपटकार

मल्याळी चित्रपटाला स्वतःची भाषा आणि स्वतःची माती मिळवून देणाऱ्यांत रामू कार्याट यांचे नाव अग्रक्रमाने घ्यावे लागेल. त्यांचा जन्म १९२७ सालचा, त्रिचूर परिसरातला. त्या काळी केरळच्या समाजजीवनात मोठे मंथन चालू होते. श्रीनारायण गुरूंची शिकवण रुजली होती. १९३६ साली शेजारच्या त्रावणकोर संस्थानाने आपली मंदिरे सर्व हिंदूंना खुली केली. पुढे डाव्या विचारांची नाट्यचळवळ उभी राहिली आणि तरुण कार्याट तिच्याशी जोडले गेले. मल्याळी पडदा मात्र या मंथनापासून दूर होता. तमिळ आणि हिंदी चित्रपटांचे साचे व उसन्या चाली यांवरच त्याचा निर्वाह चाले.

१९५४ साली कवी पी. भास्करन यांच्यासह दिग्दर्शित केलेल्या 'नीलक्कुयिल'ने हे चित्र पालटले. कथा उरूब या नामवंत लेखकाची, संगीत के. राघवन यांचे, लोकगीतांच्या वळणाचे. उच्चवर्णीय शिक्षक दलित शेतमजूर नीलीवर प्रेम करतो, पण लोकलज्जेपायी तिला अव्हेरतो. ती प्राणास मुकते आणि तिचे मूल एक पोस्टमन वाढवतो. राष्ट्रीय पातळीवर गौरवलेला हा पहिला मल्याळी चित्रपट. आचार्य अत्रे यांच्या 'महात्मा फुले'ला राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले तेही त्याच वर्षीच्या पुरस्कारांत. दोन भाषांनी एकाच सुमारास जातिभेदाचा प्रश्न पडद्यावर मांडावा, हा योग अर्थपूर्ण वाटतो.

तकळी शिवशंकर पिळ्ळै यांच्या कादंबरीवरील 'चेम्मीन' (१९६५) हे कार्याटांच्या कर्तृत्वाचे शिखर. कोळ्याची मुलगी करुत्तम्मा आणि मुसलमान व्यापारी परीकुट्टी यांची ही शोकांतिका. घरधनी समुद्रावर असता पत्नीचे शील ढळले, तर सागरमाता त्याचा बळी घेते, या कोळ्यांच्या श्रद्धेवर ती उभी आहे. सलील चौधरींचे संगीत, मार्कस बार्टले यांचे छायालेखन, हृषीकेश मुखर्जींचे संकलन आणि मन्ना डे यांचा स्वर असे सहकार्य त्यास लाभले. राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळवणारा तो दक्षिणेतील पहिला चित्रपट ठरला.

'नीलक्कुयिल'ने रूढीला उघड प्रश्न विचारला. 'चेम्मीन'चा शेवट मात्र त्या श्रद्धेला खरे ठरवतो, असा आक्षेप घेता येईल. तो निराधार नाही. परंतु ज्या रूढीने करुत्तम्माला जखडले, तिची पकड प्रेक्षकाला जाणवते ती या चित्रणामुळेच.

१९७९ साली, वयाच्या ५२ व्या वर्षी, कार्याट निवर्तले. आपल्या साहित्याशी आणि आपल्या माणसांशी इमान राखणारी कलाकृतीच प्रदेशाची वेस ओलांडते, हा त्यांच्या कार्याचा इत्यर्थ ग्रंथप्रेमींनी आवर्जून ध्यानी घ्यावा असा आहे.