नानांची नाटकशाळा

गागोदे बुद्रुकची म्हटलं, की समोरचा लगेच विनोबांचं नाव घेतो. स्मरणिकेसाठी मी मात्र दुसऱ्याच एका माणसाविषयी लिहिते आहे. त्यांचं नाव आपण संस्कृतच्या तासाला ऐकलं. संस्कृतात पहिल्या येणाऱ्याला जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ती मिळते आणि बालपणी रोह्यात वाढलेल्या चिंतामणराव देशमुखांनी ती १९१२ च्या मॅट्रिकला मिळवली, हे बाई दरवर्षी सांगत. पण हे शंकरशेट कोण, हे आपण कधी विचारलं नाही.

नाना शंकरशेट यांचा जन्म १८०३ साली मुरबाडला झाला. वडील मुंबईतले बडे व्यापारी. त्यांच्या मागे नानांनी तरुणपणीच कारभार हाती घेतला आणि पैसा शाळांकडे वळवला. मुलींनी शिकणं लोकांना खपत नव्हतं, तेव्हा त्यांनी मुलींच्या शाळेला गिरगावातल्या आपल्या वाड्यात जागा दिली. १८५३ साली बोरीबंदरहून ठाण्याला पहिली आगगाडी धावली, त्या खटपटीतही ते होते. १८५७ च्या उठावानंतर सरकारने त्यांच्यावर संशय घेतला. त्यातून ते निर्दोष सुटले.

मला त्यांचं सर्वांत आवडतं काम म्हणजे नाटकशाळा. कोटातलं जुनं इंग्रजी थिएटर कर्जापायी १८३५ साली विकलं गेलं होतं. नव्यासाठी नानांनी ग्रँट रोडवर आपली जागा दिली आणि १८४६ साली ते सुरू झालं. पण कोटातल्या साहेबलोकांना ते लांब पडू लागलं आणि खेळांना गर्दी होईना. मग १८५३ साली तिथे सांगलीकर विष्णुदास भावे आपली मंडळी घेऊन आले. तिकीट काढून मराठी नाटक बघणारा प्रेक्षक मुंबईत तयार झाला तो तिथे. त्याच वर्षी पारशी मंडळींनीही तिथे रुस्तुम-सोहराबचा खेळ केला. साहेबांसाठी बांधलेली रंगभूमी अशी आपली झाली.

नाना १८६५ साली गेले. टाउन हॉलमध्ये त्यांचा संगमरवरी पुतळा आहे, शिष्यवृत्तीही चालू आहे. नाटकशाळा मात्र उरली नाही. तिचा इतिहास आज बराचसा कळतो तो त्या काळच्या वर्तमानपत्रांतल्या खेळांच्या जाहिरातींवरून. रद्दीत जाणारा कागद कुणीतरी जपला, म्हणून.

माझा धंदा सॉफ्टवेअरचा. एकच प्रत असलेली फाइल ही हरवलेलीच धरायची, हे आम्ही पहिल्या नोकरीत शिकतो. आपल्या गॅदरिंगचं स्टेजही आता फक्त आपल्या डोक्यात आहे. पडदा कोण ओढायचं, कुणाच्या आईचं लुगडं राणीला नेसवलं होतं, हे सांगणारे गुरुजन आज आपल्यात आहेत, तोवर ते लिहून घेऊया. कुणाकडे जुनी कार्यक्रमपत्रिका किंवा फोटो असेल, तर मेळाव्याला येताना घेऊन या. स्कॅन करून जपायचं काम माझ्याकडे.