बेन वाचला असता तर?

डोंबिवलीत झॉम्बी घुसवणारा 'झोंबिवली' पाहताना तुम्ही हसलाही असाल आणि टरकलाही असाल. या सगळ्या झॉम्बी खानदानाचा मूळपुरुष म्हणजे १९६८चा अमेरिकन सिनेमा 'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड'. त्याचा हीरो होता ड्वेन जोन्स.

ड्वेन रंगभूमीचा माणूस. पिट्सबर्ग विद्यापीठात शिकलेला, नाटक आणि साहित्यात रमणारा. १९६७मध्ये त्याच पिट्सबर्गमध्ये जाहिराती बनवणारा जॉर्ज रोमेरो मित्रांना घेऊन, स्वतःच पैसे उभे करून भयपट काढत होता. बजेट जेमतेम १ लाख १४ हजार डॉलर. रक्त म्हणून चक्क चॉकलेट सिरप!

नायक बेन हा कागदावर रांगडा ट्रक ड्रायव्हर होता आणि तो रोल ग्रुपमधलाच एक जण करणार होता. पण ड्वेननं ऑडिशन दिली आणि विषयच संपला. तो कृष्णवर्णीय होता, तरी रोमेरोनं त्यासाठी कथा बदलली नाही. बदल केला तो ड्वेननं. बेनची रांगडी भाषा काढून त्यानं स्वतःच्या तोंडी शोभेल अशी, विचारी माणसाची भाषा आणली.

रंगानं काही फरक पडत नाही, असं टीमला वाटत होतं. फरक पडतो, हे ड्वेनला पक्कं ठाऊक होतं. गोऱ्या बाईच्या थोबाडीत मारायच्या सीनचंही त्याला टेन्शन होतं, कारण थिएटरबाहेरची अमेरिका त्याला माहीत होती.

खरा प्रश्न आला शेवटाचा. बेन रात्रभर झॉम्बींशी लढून जिवंत राहतो. सकाळी सुटकेला आलेले गोरे बंदूकधारी त्यालाच झॉम्बी समजून गोळी घालतात. बेनला वाचवावं का, अशी चर्चा निघाली. ड्वेन अडून बसला. ओढूनताणून केलेली सुटका कृष्णवर्णीय प्रेक्षकाला खोटी वाटेल, त्यापेक्षा बेन मेलेला बरा, हे त्यानं रोमेरोला पटवलं.

४ एप्रिल १९६८. तयार सिनेमा गाडीत टाकून रोमेरो न्यूयॉर्कला वितरक शोधायला निघाला होता. वाटेत रेडिओवर बातमी आली, मार्टिन ल्यूथर किंग यांची हत्या झाली. ऑक्टोबरमध्ये सिनेमा लागला, तेव्हा बेनचा मृत्यू ही नुसती गोष्ट राहिली नव्हती.

एवढं नाव होऊनही ड्वेन सिनेमामागे धावला नाही. १९७३मध्ये बिल गनचा 'गांजा अँड हेस' हा वेगळाच भयपट केला, मोजके इतर सिनेमे केले. बाकी आयुष्य कॉलेजात शिकवण्यात आणि कृष्णवर्णीयांची रंगभूमी उभी करण्यात गेलं. जुलै १९८८मध्ये, पन्नाशी ओलांडताच तो गेला. न्यूयॉर्कजवळच्या ओल्ड वेस्टबरी कॉलेजातल्या एका सभागृहाला आज त्याचं नाव आहे.

सिनेमाचं नाव ऐनवेळी बदललं आणि नव्या टायटलवर कॉपीराइटची ओळ टाकायची राहून गेली. त्यामुळे अमेरिकेत तो सगळ्यांसाठी खुला झाला. पाहाल तेव्हा शेवटची पाच मिनिटं फॉरवर्ड करू नका. ड्वेन भांडला होता तो त्यांच्यासाठीच.